चौदा ते अठरा: ही चार वर्षं कोणाच्या ताब्यात?

शहरात खून झाला आणि आरोपींमध्ये सोळा-सतरा वर्षांचं पोरगं निघालं, की नाशिकच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर दोन वाक्यं हमखास येतात. 'आईबापांनी संस्कारच केले नाहीत' हे पहिलं आणि 'असल्यांची भर चौकातून धिंड काढा' हे दुसरं. तिसरं एक जरा दबक्या आवाजात येतं, 'मुळातच तसला होता.' त्यात स्वभाव येतो, रक्त येतं, कधीकधी जातही येते. एक घराकडे बोट दाखवतं, एक पोलिसांकडे, एक देवाकडे. बोलणारा मात्र तिन्ही वेळा नामानिराळा.

या तिन्ही वाक्यांशी मला भांडायचं आहे, पण ती सपशेल खोटी आहेत म्हणून नव्हे. स्वभावाचा वाटा असतोच, घराचाही असतो. मात्र पोरगं काही वर्षं वाह्यात वागून माणसांत येतं की तिकडेच राहतं, हे बरंचसं चौदा ते अठरा या वयात ते कशाकशात अडकतं त्यावर ठरतं. त्याला तिथे अडकू न देणं हे शहराचं काम आहे. घराला ते एकट्याने झेपत नाही आणि पोलिसांपर्यंत प्रकरण जातं तेव्हा बहुधा उशीर झालेला असतो.

स्वभावापासून सुरुवात करू. दोन मुलांच्या कोणत्याही आईला विचारा, ती सांगेल की दोघं पाळण्यात असल्यापासून वेगळी होती. अलेक्झांडर थॉमस आणि स्टेला चेस या मनोविकारतज्ज्ञ दांपत्याने १९५६ पासून न्यूयॉर्कमध्ये तान्ह्या मुलांचा वर्षानुवर्षं अभ्यास केला. काही मुलं शांत, काही बुजरी आणि दहांतलं एखादं जात्याच अवघड, म्हणजे झोप-भुकेचा नेम नाही, रडायला लागलं की आवरत नाही, नवं काही चालत नाही. पण त्यांचा खरा निष्कर्ष पुढचा होता. कोणताच स्वभाव मुळात वाईट नसतो. स्वभाव आणि भोवतालच्या अपेक्षा एकमेकांना खेटायला लागल्या की बिघडतं. आता सिडकोतलं दोन खोल्यांचं घर डोळ्यांपुढे आणा. बाप अंबडच्या कंपनीत रात्रपाळी करून सकाळी झोपलेला. घरात एका जागी पाच मिनिटं न बसणारं आठ वर्षांचं पोर. त्याला दिवसभर ऐकायला मिळतं ते 'गप बस' आणि मग पाठीत धपाटा. तेच पोर एखाद्या वाड्याच्या अंगणात वाढलं असतं तर आजीने 'चळवळ्या आहे हो' म्हणून कौतुक केलं असतं.

दुसरा अभ्यास याहून मोठा आहे आणि तो अर्धाच वाचला जातो. न्यूझीलंडमधल्या ड्युनेडिन शहरात १९७२-७३ साली जन्मलेल्या १,०३७ मुलांचा माग संशोधकांनी पुढे कित्येक दशकं काढला. तीन ते अकरा या वयात ज्यांचा स्वतःवर ताबा कमी दिसला, त्यांच्यात बत्तिसाव्या वर्षापर्यंत न्यायालयात दोषी ठरलेल्यांचं प्रमाण जास्त होतं. इथवर वाचून माणूस म्हणतो, 'बघा, मुळातच तसला असतो.' पण त्याच अभ्यासात पुढे असं दिसलं की हा प्रवास बराचसा किशोरवयातल्या काही सापळ्यांतून झाला होता: पंधराव्या वर्षाच्या आत सिगारेट लागणं, कुठलंही प्रमाणपत्र हातात न घेता शाळा सोडणं, नकळत्या वयात आईबाप होणं. स्वभाव तसाच असूनही जी मुलं या सापळ्यांतून वाचली, त्यांचं पुढचं आयुष्य बरं गेलं. स्वभाव बदलणं फार कोणाच्या हातात नसतं. सापळे मात्र माणसांनीच मांडलेले असतात, तेव्हा ते उचलताही येतात.

याच अभ्यासातल्या टेरी मॉफिट या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९९३ साली एक गोष्ट मांडली, जी मला नाशिकच्या चौकांत उभं राहून जास्त पटते. लहानपणापासून आक्रमक असलेली आणि आयुष्यभर तशीच राहणारी मुलं फार थोडी असतात. बाकी बहुसंख्यांचा उपद्रव मिसरूड फुटताना सुरू होतो आणि विशीत आपोआप ओसरतो. कारण काय, तर शरीर मोठं झालेलं असतं, पण मोठ्यांचं काहीच हातात नसतं. कमाई नाही, मान नाही, निर्णय नाही. मग ज्याच्याकडे या गोष्टी दिसतात त्याची नक्कल होते. पवननगर, त्रिमूर्ती चौक, सातपूरचं अशोकनगर, पंचवटीतलं फुलेनगर, कुठेही संध्याकाळी सातला जाऊन बघा. पंधरा वर्षांच्या पोराच्या नजरेत मोठा माणूस कोण असतो? बाराशेच्या पगारवाढीसाठी वर्षभर साहेबाच्या तोंडाकडे बघणारा बाप नसतो. नंबरप्लेट नसलेल्या गाडीवरून येऊन पानटपरीवर सगळ्यांच्या सिगारेटचे पैसे देणारा, ज्याच्या वाढदिवसाचा फलक चौकात लागतो आणि ज्याला सगळे 'भाई' म्हणतात, तो असतो.

आपल्या कायद्यांनीही नेमकी हीच वर्षं उघडी ठेवली आहेत. शिक्षणहक्क कायदा सहा ते चौदा वयाचा, आठवीपर्यंतचा. त्यानंतर पोरगं शाळेत येतं की नाही, याचं उत्तर देण्याची जबाबदारी कायद्याने कोणावरही टाकलेली नाही. दुसऱ्या बाजूने बालकामगार कायद्यात २०१६ साली झालेल्या सुधारणेने अठरापर्यंत धोक्याच्या कामांवर बंदी आणली. ती योग्यच आहे, प्रेस मशीनवर बोटं गमावलेले कामगार ज्याने पाहिले आहेत तो या बंदीविरुद्ध बोलणार नाही. पण परिणाम बघा: नववीत गळालेल्या किंवा दहावीत अडकलेल्या पोराला शाळा नको म्हणते आणि धोक्याचं काम असलेला कारखाना घेऊ शकत नाही. आयटीआयचा दरवाजा चौदाव्या वर्षापासून उघडा आहे, पण तिथल्या बऱ्याच ट्रेडला दहावी लागते आणि चांगल्या ट्रेडला चांगले गुण. अंबड आणि सातपूरच्या औद्योगिक वसाहतींच्या कुशीत हजारो घरं आहेत, आणि त्या घरांतला जो मुलगा पुस्तकात मागे पण हाताने हुशार आहे, त्याच्यासाठी या दोन्ही वसाहतींत अठरापर्यंत सरळ वाट नाही. वाकडी वाट मात्र चौकातच सुरू होते.

आता संस्कारांकडे येऊ. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या अहवालात देशभरात अल्पवयीनांवर ३०,५५५ गुन्हे नोंदले गेले. ताब्यात घेतलेल्यांपैकी तीन चतुर्थांशांहून जास्त मुलं सोळा ते अठरा वयाची होती. त्यांतली बहुतेक आईवडिलांसोबत घरात राहणारी असतात, हे हा विभाग वर्षानुवर्षं सांगतो आहे. म्हणजे आपल्या डोक्यातला 'रस्त्यावरचा अनाथ पोरगा' हा अपवाद आहे. घर आहे, आई आहे, बाप आहे, देव्हाराही आहे. मग त्यांनी संस्कार केले नाहीत?

संस्कार या नावाखाली आपण बहुधा उपदेश धरतो, आणि उपदेशाची कमतरता आपल्या घरांत कधीच नव्हती. संशोधन सांगतं ते फार साधं आहे. अमेरिकेत ऑरेगॉनमध्ये जेराल्ड पॅटरसन यांनी आक्रमक मुलांच्या घरांत निरीक्षक बसवून आईबाप आणि मुलं यांच्यातल्या रोजच्या खटक्यांची नोंद केली. त्यांना दिसलं ते असं: मूल हट्ट करतं, आई नाही म्हणते, मूल आवाज चढवतं, आई ओरडते, मूल आणखी चढवतं, आई थकून हात टेकते. मूल यातून एकच धडा घेतं की आवाज वाढवला की काम होतं. हा धडा मग शाळेत जातो, चौकात जातो. मारणाऱ्या बापाने यात सुधारणा होत नाही. आज दुर्लक्ष आणि उद्या पट्टा, असा लहरी धाक तर सर्वांत वाईट. पाळ्यांमध्ये काम करणाऱ्या घरात शिस्तीला सातत्य राहणं किती कठीण असतं, हे कंपनीच्या गेटवर विचारावं. आठवड्याला पाळी बदलते. बाप एक आठवडा मुलाला रोज भेटतो, पुढचा आठवडा तो आला की मुलगा झोपलेला. आई सकाळी धुणीभांडी किंवा पॅकिंगच्या कामाला. तिला 'लक्ष दिलं नाही' म्हणणारे बहुधा स्वतः दहा ते पाचच्या नोकरीतले असतात.

लक्ष ठेवण्याचीही एक गंमत आहे. स्वीडनमध्ये होकन स्टॅटिन आणि मार्गारेट केर यांनी २००० साली दाखवलं की आईबापांना मुलांबद्दल जे माहीत असतं, ते मुख्यतः मुलाने आपणहून सांगितलेलं असतं. चौकशी करून, पाळत ठेवून फारसं कळत नाही. मोबाईल तपासणाऱ्या पालकांनी हे मनावर घ्यायला हरकत नाही. पोरगं घरी येऊन 'आज अमक्याने मला पुडी दिली होती' असं सांगू शकतं का? सांगितल्यावर थोबाडीत बसणार असेल तर ते एकदाच सांगेल.

पण समजा, घर चांगलं आहे, आई ऐकून घेते. तरी संध्याकाळी पोरगं मित्रांत जातं, आणि मित्रांत ते वेगळं असतं. मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी २००५ साली गाडी चालवण्याच्या एका व्हिडिओ खेळावर हे तपासलं. एकटं खेळताना आणि मित्र बघत असताना माणूस किती धोका पत्करतो, हे त्यांनी मोजलं. प्रौढांवर मित्रांचा परिणाम जवळपास नव्हता. किशोरांनी पत्करलेला धोका मात्र मित्रांसमोर दुपटीच्या घरात गेला. कोयता घेऊन रील बनवणारी चार पोरं एकेकटी घरी बसली असती तर तो कोयता बहुधा नारळ फोडण्यापुरता राहिला असता.

धोक्याची ही भूक मोडता येत नाही. तिला जागा द्यावी लागते, आणि आपल्या जुन्या शहराला हे कधीकाळी कळत होतं असं मला वाटतं. रंगपंचमीची रहाड आठवा. वर्षभर जमिनीखाली झाकलेला हौद उघडायचा, रंग उकळायचा आणि त्यात उंचावरून धप्पा मारायचा. पेशवेकाळापासून चालत आलेली ही रीत आहे. पोरं तिथे बेफाम होतात, पण कडेला त्या रहाडीचा मान सांभाळणाऱ्या घरांतली वडीलधारी माणसं असतात, पंचक्रोशी बघत असते. धोका आहे, टोळकं आहे, दाद आहे आणि कडेला मोठी माणसंही आहेत. हे वर्षातून एकदाच होतं ही अडचण.

त्याहून जास्त दिवस चालणारी गोष्ट म्हणजे ढोलपथक. नाशिक ढोलाची कीर्ती मी सांगायला नको. गणपतीच्या आधी दोन-अडीच महिने गोदाकाठी, मोकळ्या मैदानांवर रोज संध्याकाळी सराव चालतो. वेळेवर यायचं, दोर ओढायचा, हाताला फोड आले तरी ठेका सोडायचा नाही, दारू पिऊन आलात तर घरी. आवाजाच्या प्रदूषणावर माझीही तक्रार आहे, ती दुसऱ्या कधीतरी. पण गुन्हा प्रतिबंधाच्या नजरेने बघा: कॉलेजरोडची मुलगी, पंचवटीतला भाजीवाल्याचा मुलगा, सातपूरचा दहावी नापास आणि एखाद्या कंपनीतला तिशीचा इंजिनिअर एकाच रांगेत उभे असतात. ज्याला शाळेने 'ढ' ठरवलं त्याला ताशावर सगळे मानतात. चौकातला भाई जे देतो, म्हणजे गट, गणवेश, नाव आणि दरारा, ते सगळं इथे कोयत्याशिवाय मिळतं. व्यायामशाळा, कबड्डीची मंडळं, धावण्याचे गट यांचंही तेच. सावरपाड्याची कविता राऊत याच शहरात सराव करून देशाची धावपटू झाली. सगळ्यांनी कविता राऊत व्हायची गरज नाही, पण सकाळी पाचला उठणाऱ्या पोराला रात्री दोनला चौकात उभं राहणं परवडत नाही.

इथे सगळ्या तऱ्हेची पोरं एकत्र मिसळण्यावर माझा भर मुद्दाम आहे. बिघडलेल्या पोरांना वेगळं काढून त्यांचंच एक शिबिर भरवण्याची कल्पना आपल्याकडे फार लोकप्रिय आहे. अमेरिकेत बॉस्टनजवळ केंब्रिज आणि सॉमरविल या गावांत १९३९ साली असाच मोठा, प्रामाणिक प्रयोग सुरू झाला. बिघडण्याची भीती असलेल्या मुलांना समुपदेशक, शिकवणी, डॉक्टर, उन्हाळी शिबिरं, सगळं पुरवलं. तशाच दुसऱ्या मुलांना काहीच दिलं नाही. तीस वर्षांनी जोन मॅकॉर्ड यांनी दोन्ही गटांना शोधून काढलं. मदत मिळालेल्यांची अवस्था काही बाबतींत न मिळालेल्यांपेक्षा वाईट निघाली. पुढच्या विश्लेषणात सर्वांत जास्त नुकसान वारंवार शिबिराला पाठवलेल्यांचं झालेलं दिसलं. एकाच वळणाची पोरं एकत्र आली की आपल्या पराक्रमाच्या गोष्टी सांगतात, बाकीची हसतात, आणि हसणं हेच बक्षीस होतं. मुलांना तुरुंग दाखवून घाबरवण्याचा अमेरिकी प्रयोगही असाच अंगावर आला. उंटवाडीच्या रिमांड होममध्ये मुलगा शक्यतो जाऊच नये, असं मी म्हणतो ते तिथल्या कर्मचाऱ्यांवर राग आहे म्हणून नाही.

ऑक्टोबर २०२५ मध्ये नाशिक पोलिसांनी गुंडांवर जोरदार मोहीम उघडली. 'नाशिक जिल्हा, कायद्याचा बालेकिल्ला' असं आरोपींच्या तोंडून वदवून घेतलेले व्हिडिओ महाराष्ट्रभर फिरले. लोक खूश झाले आणि त्या आनंदाला कारण होतं. राजकीय आसरा असलेल्यांनाही त्या वेळी हात लागला, जे फार दिवसांनी दिसलं. मोहिमेचा हा भाग मला मान्य आहे. व्हिडिओचा भाग नाही. ज्या पोराला आयुष्यात कोणी ओळखलं नाही, त्याला कॅमेऱ्यासमोर लंगडत चालणारा भाईही प्रसिद्धच दिसतो. महिन्याभराने तोच तुकडा गाणं लावून रील होतो. अल्पवयीनाची ओळख उघड करायला बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ ने बंदी आहे, ती उगाच नाही. गुन्हेगार हा शिक्का एकदा सर्वांदेखत बसला की शाळा घेत नाही, ठेकेदार घेत नाही, सोयरीक जुळत नाही. घेणारा एकच उरतो. ड्युनेडिनच्या सापळ्यांत आपण हा आपला एक घातला.

'मग काय निबंध लिहायला लावायचे?' असं कोणी विचारेल. मे २०२४ मध्ये पुण्यात पोर्शे गाडीने दोघांचा जीव गेल्यावर तीनशे शब्दांच्या निबंधाची अट घालून दिलेल्या जामिनाने सगळी यंत्रणा हास्यास्पद ठरली, आणि तो राग रास्त होता. पण २०१५ च्या बाल न्याय कायद्यात दात नाहीत हे खरं नव्हे. सोळा ते अठरा वयाच्या मुलाने अतिगंभीर गुन्हा केला तर त्याची मानसिक-शारीरिक क्षमता तपासून खटला प्रौढासारखा चालवता येतो. प्रौढासारखा खटला चालवण्याचं हे वय सोळावरून चौदावर आणा ही मागणी त्यामुळे मला आळशी वाटते. उलट किरकोळ गुन्ह्यात या कायद्याखालचे नियम सांगतात की गुन्हा नोंदवण्याऐवजी ठाण्याच्या दैनंदिनीत नोंद करा आणि मुलाचा सामाजिक पार्श्वभूमी अहवाल तयार करा: घर, शाळा, संगत, नशा, कोणी कामाला लावलं का. हा एक कागद नीट भरला गेला तर अर्धं काम होतं. ते भरण्यासाठी मुलाच्या घरी जावं लागतं, त्याच्या वर्गशिक्षकाला भेटावं लागतं. ज्या ठाण्याच्या गळ्यात बंदोबस्त, सण, मोर्चे आणि आता २०२७ चा सिंहस्थ आहे, तिथला बालकल्याण पोलीस अधिकारी हे कधी करणार? सिंहस्थाच्या हजारो कोटींच्या आराखड्यात कॅमेरे आहेत, रस्ते आहेत. त्या पैशातला अगदी नखाएवढा भाग प्रत्येक प्रभागातल्या एका मैदानाच्या दिव्यांना, रात्री नऊपर्यंत ते उघडं ठेवणाऱ्या एका प्रशिक्षकाच्या मानधनाला आणि आठवीनंतर गळालेल्या मुलांची यादी घेऊन दारोदार जाणाऱ्या एका माणसाला मिळाला, तर कॅमेऱ्यांना बघायला कमी काम उरेल.

राहिला भाई. ऑक्टोबर २०२३ मध्ये नाशिकजवळच्या शिंदे गावात एमडी या अमली पदार्थाचा कारखाना सापडला; छापा घालायला मुंबईचे पोलीस यावे लागले. असला धंदा पंधरा वर्षांची पोरं उभा करत नाहीत. मोठी माणसं करतात आणि पोरांना पुढे घालतात, कारण 'अल्पवयीन आहे, लवकर सुटेल' हा हिशोब त्यांना कायद्याच्या पदवीधरापेक्षा चांगला येतो. या हिशोबावर उत्तर कायद्यात आधीच लिहिलेलं आहे. बाल न्याय कायद्याचं कलम ८३: बेकायदा कामासाठी मुलांचा वापर करणाऱ्या प्रौढाला सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि पाच लाख दंड. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेचं कलम ९५: गुन्ह्यासाठी मुलाला कामाला लावणाऱ्याला किमान तीन आणि जास्तीत जास्त दहा वर्षं, आणि मुलाने तो गुन्हा केलाच, तर जणू स्वतःच केला असं धरून त्या गुन्ह्याची शिक्षाही.

माहितीच्या अधिकारात एक साधा अर्ज नाशिकच्या पोलीस आयुक्तालयाकडे करता येतो आणि कोणत्याही नागरिकाने तो करावा. १ जुलै २०२४ पासून शहरात ज्या गुन्ह्यांत विधिसंघर्षित बालक, म्हणजे गुन्ह्याचा आरोप असलेलं अल्पवयीन मूल, ताब्यात घेतलं गेलं, त्यांपैकी किती गुन्ह्यांत सोबत प्रौढ आरोपी होते, आणि त्यांतल्या किती प्रौढांवर कलम ९५ किंवा कलम ८३ लावलं? ठाणेनिहाय आकडा मागावा.